फॅलँजिडा म्हणजे कोळी नव्हे

२ फेब्रुवारी, रविवार. सकाळ.

लेकीचा फोन. जावयाला ट्रेनिंगसाठी दीड महिना बाहेरगावी जायचंय, तेवढे दिवस ती बाळाला घेऊन आपल्याकडे राहणार. पंधरा तारखेला, शनिवारी येते. नात चार महिन्यांची झाली आणि आजोबांनी तिला अजून फक्त मोबाइलवर पाहिलंय, त्यातही बहुतेक वेळा एक नाकपुडीच दिसते. इतका आनंद झाला की स्पीकरवर ठेवलेला फोन कानाला लावला. अजून कान वाजतोय.

अट एकच. मागच्या खोलीत एक जरी कोळी दिसला, तरी ती बॅग उचलून थेट मावशीकडे जाणार. कोळ्यांना लहानपणापासून घाबरते. मी म्हणालो, त्या खोलीत तुला एकही कोळी सापडणार नाही, हा माझा शब्द. नक्की ना बाबा, म्हणाली. मी म्हणालो, क्लेम डिपार्टमेंटचा माणूस उगाच शब्द देत नसतो.

खोली आज आवरणार. आज म्हणजे आजच.

दुपार.

आधी प्लॅन हवा. कागदावर खोलीचा नकाशा काढला. मोडक्या खुर्च्या (दुरुस्त करायच्या आहेत), टेबलफॅन (फक्त वायर बदलायची आहे), मासिकांचे गठ्ठे (चाळायचे आहेत), सुटकेस (चावी सापडली की उघडेल). ही म्हणाली, नकाशा कसला काढताय, झाडू घ्या. पसारा तुमचा, तुम्हीच काढायचा, मी आत पाऊल टाकणार नाही. मागे तुमचा एक गंजका स्टँड टाकला तर आठवडाभर तोंड फुगवून बसला होतात.

मी तोंड फुगवलं नव्हतं. तो निषेध होता.

नकाशा छान झालाय. उद्या रंग भरतो.

३ फेब्रुवारी, सोमवार.

ऑफिसात फार काम. एका बाईंच्या घरात पाणी शिरलं, गाद्या भिजल्या. क्लेम पुराचा लावलाय. पण पाणी छतातून आलं. पूर वरून येत नाही. वरून येते ती गळती, आणि गळती पॉलिसीत नाही. नामंजूर. बाई फोनवर रडल्या. मला वाईट वाटलं, पण व्याख्या ती व्याख्या. इतकी वर्षं या खुर्चीत काढली ती याच जोरावर. साहेब म्हणतात, तुमच्या हातून एक शब्द सुटत नाही.

दमून घरी आलो. खोली उद्या.

४ फेब्रुवारी, मंगळवार.

खोलीत गेलो! दार अर्धवटच उघडतं, आत खुर्ची अडकलीय. अंग चोरून शिरलो. छताच्या कोपऱ्यांत, पंख्याच्या जाळीत, सुटकेसच्या मागे, सगळीकडे ते. केसासारखे बारीक, लांबच लांब पाय आणि मध्ये इवलंसं पोट. उलटे लटकून बसलेत. मोजायला लागलो, मध्येच सोडून दिलं.

मासिकांच्या गठ्ठ्यातून सुरुवात करावी म्हटलं. तळाशी विश्वकोशाचा सुटा खंड सापडला, रद्दीच्या दुकानातून मीच कधीतरी वाचवून आणलेला. पानं पिवळी, वास भारी. गुंडाळलेल्या गादीवर बसून जरा चाळला. ही दोनदा हाक मारून गेली. मी आतून सांगितलं, काम चालू आहे.

५ फेब्रुवारी, बुधवार.

सापडलं!!

ऑफिसला निघण्याआधी पाचच मिनिटं म्हणून उघडला तर समोर तेच पान. हुबेहूब तेच चित्र. लांब पाय, इवलं पोट. जसंच्या तसं उतरवून ठेवतो:

गण फॅलँजिडा. लांब, बारीक पायांचे अष्टपाद प्राणी. शरीर एकसंध, कंबर नाही. विषग्रंथी नाहीत. रेशीमग्रंथी नाहीत, त्यामुळे जाळं विणत नाहीत. कोळ्यांसारखे दिसत असले तरी हे कोळी नव्हेत.

शेवटच्या वाक्याखाली पेन्सिलीने रेघ मारली. आधीची वाक्यं म्हणजे नुसते डिटेल्स.

कोळी नव्हेत! मी लेकीला काय शब्द दिला? एकही कोळी सापडणार नाही. म्हणजे शब्द पाळून झालासुद्धा. दिला त्या क्षणीच पाळून झाला होता. आता खोलीत उरला तो फक्त पसारा, आणि पसाऱ्याबद्दल लेक एक अक्षर बोललेली नाही.

ऑफिसला उशीर झाला, पण शीळ घालत गेलो.

६ फेब्रुवारी, गुरुवार.

हिला समजावून सांगितलं. वर्ग अष्टपाद, त्यात बरेच गण, कोळी हा एक गण, फॅलँजिडा दुसरा. विंचूसुद्धा याच वर्गातला, म्हणून त्याला कोणी कोळी म्हणतं का? ही भांडी पुसत होती. ऐकून झाल्यावर म्हणाली, आठ पाय आहेत ना, मग पोरगी किंचाळणार. मी म्हणालो, किंचाळणं हा काही पुरावा नाही. ती म्हणाली, अहो, ती काय दुर्बीण घेऊन येणार आहे?

पुस्तक तिच्या समोर धरलं. चष्मा नाही म्हणाली. चष्मा तिच्या डोक्यावर होता.

७ फेब्रुवारी, शुक्रवार.

ऑफिसात शब्दाचा वापर सुरू केला. नवा शब्द अंगवळणी पडायचा तर वापरात हवा. डबा खाताना विषय काढला. शिपाई म्हणाला, हे कुठल्या आजाराचं नाव? साहेब म्हणाले, फार छान, आणि ती गळतीची फाइल कुठाय? शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी मात्र नीट ऐकून घेतलं, आणि मग विचारलं की ते जाळं विणत नाहीत, तर तुमच्या खोलीत ते लटकतात कशावर?

बाईंना प्रत्येक गोष्टीत खोट काढायची सवय आहे, म्हणूनच त्यांचं प्रमोशन अडलंय. तरी उत्तर दिलं. जाळी जुनी आहेत. आधी तिथे कोळी राहत असणार. ते सोडून गेले आणि त्यांच्या तयार घरात फॅलँजिडा राहायला आले. भाडेकरू. बाई म्हणाल्या, बरं. त्यांच्या त्या 'बरं'मध्ये खवचटपणा होता.

८ फेब्रुवारी, शनिवार.

भिंग घेऊन निरीक्षण. दोन तास मान वर. मान धरलीय.

एक. बोटाने जरासा धक्का दिला तर तो जागच्या जागी गरागरा हलतो, इतका की दिसेनासा होतो. उत्साही प्राणी.

दोन. शरीर एकसंध असायला हवं. भिंगातून मध्ये बारीक कंबर दिसते. भिंग जुनं आहे, काचेला चरा गेलाय.

तीन. एकीने तोंडात पांढरट गोळी धरलीय, बारीक मण्यांची केल्यासारखी. सकाळीही होती, संध्याकाळीही होती. फार सावकाश जेवते.

ही दारातून म्हणाली, आठवडा राहिला. मी म्हणालो, माहितीय. ती म्हणाली, हलवा एकेक गठ्ठा, मी बाहेर धरते. म्हणजे आत पाऊल टाकणार नाही म्हणणारी बाई उंबऱ्यापर्यंत आली. हा माझा विजय. पण मी म्हणालो, आत्ता नको, ती जेवतेय.

९ फेब्रुवारी, रविवार.

खालच्या मजल्यावरचे रिटायर्ड जीवशास्त्राचे सर जिन्यात भेटले. मी होऊनच विषय काढला. वाटलं, ज्ञानी माणूस, खूश होईल.

सर म्हणाले, फॅलँजिडा? अहो, हे जुनं नाव. आता कोणी फारसं वापरत नाही. आता ओपिलिओनीज म्हणतात, लॅटिनमध्ये मेंढपाळ. आणि गंमत ऐका, म्हणाले, फॅलँजिडा ज्या ग्रीक शब्दावरून आला, त्याचा मूळ अर्थ माहितीय? एक प्रकारचा विषारी कोळी!

आणि हसले. जिन्यात उभं राहून, कठड्याला धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत.

मी म्हणालो, ग्रीक लोकांना काय कळतं? त्यांनी खोली बघायला येऊ का विचारलं. नको म्हणालो. समोरच्या पार्टीचा सर्व्हेअर घरात घ्यायचा नसतो, हे मी नोकरीत शिकलोय. जाताना ते म्हणाले, जाळ्यात असेल तर कोळीच हो, घरात दुसरं कोण असणार. मी कानांवर हात ठेवले नाहीत, पण ठेवायला हवे होते.

यापुढे सरांना नमस्कार बंद. मान हलवायची, बस.

१० फेब्रुवारी, सोमवार.

ठराव: शब्द बदलायचा नाही. जुना असेल तर असू दे. मीही जुनाच आहे. कोणी येऊन माझं नाव मेंढपाळ ठेवलं तर मी ओ देणार आहे का?

११ फेब्रुवारी, मंगळवार. संध्याकाळ.

साडूंचा फोन. यांच्या घरात धूळसुद्धा परवानगी काढून बसते. म्हणाले, आपलं सहज, पण गरज पडलीच तर इकडची खोली तयार आहे. नवे पडदे लावलेत, पाळणा आणलाय, खिडकीला बारीक जाळी बसवून घेतलीय. सहज! पाळणा कोणी सहज आणतं का?

मी म्हणालो, गरज पडणार नाही. नात माझी आहे, माझ्या घरी राहणार, माझ्या मागच्या खोलीत झोपणार आणि सकाळी उठल्यावर पहिलं तोंड माझं बघणार. आवाज जरा चढला असेल. ते म्हणाले, हो हो, अहो, मी कुठे काय म्हणतोय. पाठीमागून मेहुणीचं हसणं ऐकू आलं.

फोन ठेवल्यावर हिने विचारलं, मग उद्या माणसं बोलावू का साफसफाईची? दोन तासांचं काम. मी नाही म्हणालो. आता झाडलं तर ते कोळी होते असं कबूल केल्यासारखं होईल. सगळ्या बिल्डिंगला, ऑफिसला, साडूंना. नामंजूर केलेला क्लेम मी आजवर परत उघडलेला नाही.

हिने कॅलेंडरवरच्या पंधरा तारखेवर बोट ठेवलं. मग म्हणाली, तुम्हाला नात हवीय की जिंकायचंय?

प्रश्न विषयाला सोडून आहे.

१२ फेब्रुवारी, बुधवार.

पाटी केली. पांढरा कार्डबोर्ड, जाड काळा स्केचपेन, अक्षर सुरेख आलंय. मागच्या खोलीच्या दाराला बाहेरून चिकटवली:

सूचना. या खोलीतील लांब पायांचे, आठ पायांचे, असंख्य प्राणी कोळी नाहीत. वर्ग अष्टपाद, गण फॅलँजिडा. चावत नाहीत. कृपया घाबरू नये.

लेक शिकलेली आहे. वाचेल, समजून घेईल. कशाची भीती वाटते ते नीट समजलं की भीती जाते. ही पाटी वाचून स्वयंपाकघरात गेली आणि नळ मोठा सोडला. नळाच्या आवाजात ती हसते, हे मला लग्नाच्या पहिल्या वर्षापासून माहीत आहे. पण नंतर बाहेर आली तेव्हा डोळे लाल होते. कांदा चिरला असेल.

१३ फेब्रुवारी, गुरुवार.

ती जेवत नव्हती.

गोळी फुटलीय. आईच्या डोक्याभोवती टाचणीच्या टोकाएवढी पिल्लं, सगळ्यांना पाय. पाय आधी, बाकीचं नंतर. फार गोड दिसतात असं नाही, पण माणसाला काहीतरी वाटतंच. अभिनंदन म्हणालो. खोलीत दुसरं कोणी नव्हतं.

यातलं एक पिल्लू खाली आलं. माझ्या नाकासमोर. हवेत. कशाला धरून आलं, ते बघितलं. मागून बारीक धागा काढत येत होतं. स्वतःच काढत होतं.

चष्मा नव्हता. खरं तर होता, पण लांबचं बघायच्या, वरच्या भागातून बघत होतो. एकदाच बघितलं. एकदा बघितलेलं आम्ही पुरावा धरत नाही.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार.

रजा टाकली. कारण: घरगुती. सकाळी झाडू हातात घेतलाही होता.  हिने फडकं भिजवून, पिळून तयार ठेवलं होतं.

तेवढ्यात शेजारच्या टेबलावरच्या बाईंचा फोन. गळतीच्या फाइलबद्दल. शेवटी म्हणाल्या, आणि हो, तुमचे भाडेकरू काय म्हणतात?

झाडू ठेवून दिला. तत्त्वाचा प्रश्न आहे. पाटीच्या कडा निघत होत्या, त्या मात्र पुन्हा नीट चिकटवल्या. मग बाळासाठी खुळखुळा आणायला बाजारात गेलो. सगळे एकसारखेच वाजतात, तरी निवडायला फार वेळ लागला. पिवळा घेतला.

रात्री ही सकाळचं फडकं वाळत घालून झोपायला गेली.

१५ फेब्रुवारी, शनिवार.

आली. टॅक्सीतून उतरली आणि आधी बाळ माझ्या हातात दिलं. सांगायचं ठरवलं होतं बरंच, सगळं विसरलो. इतकी हलकी असेल असं वाटलं नव्हतं. डोळे माझ्या आईसारखे. माझ्या शर्टाचं बटण तिने मुठीत धरलं आणि सोडेचना. दुधाचा वास. मी जिन्याच्या प्रत्येक पायरीवर थांबलो, दम लागला म्हणून नव्हे.

लेक पुढे. चप्पल काढून सरळ मागच्या खोलीकडे गेली, बॅग ठेवायला. मी म्हणत होतो, थांब, आधी जरा समजावून सांगतो. तिने पाटी वाचली.

दार उघडलंच नाही. एकही प्राणी बघितला नाही. फक्त पाटी वाचली, एकदा, मग पुन्हा. मग वळून विचारलं, बाबा, असंख्य? मी म्हणालो, असंख्य फॅलँजिडा. तिने विचारलं, तू खोली झाडलीस का, हो की नाही? मी म्हणालो, झाडणं म्हणजे तुला नेमकं काय अभिप्रेत आहे...

लेक चिडली असती तर बरं झालं असतं. चिडली नाही. बाबा, तू पंधरा दिवसांत पाटी केलीस, एवढंच म्हणाली. मग भिंतीकडे तोंड करून डोळे पुसले. मला वाटलं भीतीने. ही म्हणाली, भीतीने नाही हो.

पाटी लावली नसती तर तिला कळलं तरी असतं का? हा मुद्दा मी मांडला. कोणी घेतला नाही.

टॅक्सी परत बोलावली. ती येईपर्यंत बाळ माझ्याच हातात होतं. मग बटण तिच्या मुठीतून सोडवावं लागलं. मी नाही सोडवलं, लेकीने सोडवलं. हीसुद्धा सोबत गेली, म्हणाली, पोरीला चार दिवस हाताशी कोणी हवं. खुळखुळा टेबलावरच राहिला. तिकडे साडूंना खाली बोलवायचीही गरज पडली नाही, ते आधीच फाटकात वाट बघत उभे होते म्हणे.

१६ फेब्रुवारी, रविवार.

शांतता. छान आहे. वाचन होईल.

ब्रेड खाल्ला. मेहुणीने हिच्या मोबाइलवरून फोटो पाठवला. बाळ पाळण्यात. पाळण्याला झालर आहे.

माझ्या म्हणण्यात चूक नव्हती. मी दिलेला शब्द अक्षरशः पाळला. माझ्याविरुद्ध कोणालाही काही सिद्ध करता येणार नाही.

सिद्ध करायला घरात कोणी नाहीये.

१७ फेब्रुवारी, सोमवार.

ऑफिस. गळतीवाल्या बाई स्वतः आल्या होत्या. भिजलेल्या गादीचे फोटो घेऊन. मी म्हणालो, बाई, पाणी वरून आलंय. त्या म्हणाल्या, साहेब, कुठूनही येऊ दे, आम्ही दोन आठवडे जमिनीवर झोपतोय.

फाइल उघडून बसलो. शेजारच्या टेबलावरच्या बाई बघत होत्या. त्यांच्याकडे पाहिलं नाही.

१८ फेब्रुवारी, मंगळवार. संध्याकाळ.

खोली झाडली.

ऑफिसातून लवकर निघालो. खुर्च्या भंगारवाल्याला दिल्या, पंखाही दिला, सुटकेस चावीशिवाय गेली. मासिकं चाळली नाहीत, तशीच नेऊन दिली. कोपरे, छत, खिडकीची चौकट, सगळं. ती पिल्लंवाली पंखा उचलताना मागे सापडली होती, तिला कागदावर घेऊन गॅलरीच्या बाहेर सोडलं. जाताना ती धागा सोडत गेली, लांबच लांब, उन्हात चमकणारा. या वेळी चष्मा होता आणि खालच्या भागातून बघत होतो. मग फरशी दोनदा पुसली. खोली मोठी आहे, मला वाटत होतं त्यापेक्षा बरीच मोठी. सगळ्याला चहाच्या वेळेपासून दिवेलागणीपर्यंतचा वेळ लागला. पाटी काढताना रंगाचा पोपडा निघाला, तेवढा दाराला दिसतो.

लेकीला फोन केला. म्हणालो, खोली झाडली. तिने विचारलं, आणि ते तुझे फॅलँजिडा? मी म्हणालो, कोळी होते. फोनवर म्हणालो. फोनवरचं लेखी धरत नाहीत.

पलीकडे दार हळूच लोटल्याचा आवाज आला. मग हळू म्हणाली, हळू बोल बाबा, बाळ आत्ताच झोपलंय. इथे ती रुळलीय रे आता, पुन्हा जागा बदलली तर त्रास होईल. रविवारी आणते तिला. संध्याकाळपर्यंत ठेवते.

मी बरं म्हणालो. संध्याकाळ म्हणजे नेमकी किती वाजेपर्यंत, ते तिने सांगितलं नाही. मी विचारलं नाही.